गडकोटांची इमारत, मंजुरी आणि खर्च : ठाण्याच्या खाडीकाठावरून एक विचार

१

ठाण्याच्या खाडीच्या पूर्व काठावर, नेरूळ व तुर्भे यांच्या दरम्यान, शिरवणे हे जुने गाव आहे. आज ते नवी मुंबईत मोडते व त्यास लागून औद्योगिक क्षेत्र पसरलेले आहे. शिरवण्यास स्वतःचा किल्ला नाही. परंतु ह्या गावाभोवतालचा मुलूख पाहिला तर लष्करी बांधकामांचा जवळजवळ चार शतकांचा इतिहास एका टापूत सापडतो. दक्षिणेस बेलापूरच्या किल्ल्याचे अवशेष आहेत. खाडीच्या वरच्या अंगास ठाण्याचा किल्ला आहे. पश्चिमेस पाण्यापलीकडे मुंबईचा कोट होता, आणि दक्षिणेस उरणच्या बाजूस करंजा येथे नौदलाचे शस्त्रागार आहे. मराठे, पोर्तुगीज, इंग्रज व स्वतंत्र भारताचे शासन अशा चारही सत्तांनी ह्या टापूत वा त्याच्या आसपास तट, बुरूज, खंदक किंवा तळ उभारले वा सांभाळले.

किल्ल्यांचे वर्णन करणारे वाङ्मय मराठीत विपुल आहे. वेढे, लढाया व किल्लेदारांचे पराक्रम ह्यांनी ते भरलेले आहे. त्या मानाने एका साध्या प्रश्नाची चर्चा कमी झाली. किल्ला बांधण्याचा हुकूम कोण देई, आणि त्याचा पैसा कोठून येई? हा प्रश्न केवळ हिशेबाचा नाही. मंजुरी देणारा हात व पैसा देणारा हात एकच आहे की वेगवेगळे, आणि खर्चाच्या यादीत काय लिहिले जाते व काय लिहिले जात नाही, ह्यावरून राज्यसंस्थेचे स्वरूप कळते. प्रस्तुत लेखात ह्या परिसरातील व मराठी मुलखातील काही उदाहरणांच्या आधारे ह्या प्रश्नाचा विचार केला आहे. ह्या व्यवहाराचे शब्दही पुरावा म्हणून येथे जमेस धरले आहेत. कारण राज्यकारभाराच्या परिभाषेत नवा शब्द बहुधा तेव्हाच येतो, जेव्हा कारभारात एक नवी पायरी निर्माण झालेली असते.

२

सतराव्या शतकातील मराठी कागदांत गडाच्या बांधकामास ‘इमारत’ असे म्हटलेले आढळते. मूळ अरबी शब्दाचा अर्थ बांधणे, वसविणे असा आहे. आजच्या मराठीत त्याचा अर्थ संकोचून घर किंवा कचेरी एवढ्यावर आला आहे. परंतु शिवकालीन लेखनात तट, बुरूज, टाकी, सदर व अंबारखाने हे सर्व काम ‘इमारत’ ह्या एका नावाखाली जाते. ही बाब लहान दिसली तरी महत्त्वाची आहे. गडावरील सर्व कामे एका सदराखाली आल्याशिवाय त्यांसाठी रक्कम नेमून देणे शक्य नसते.

अशी रक्कम नेमून दिल्याचा एक उत्कृष्ट दाखला १६७१-७२ च्या सुमाराचा आहे. शिवाजी महाराजांनी किल्ल्यांच्या इमारतीसाठी १,७५,००० होनांची तजवीज केली, ती किल्लेवार यादीच्या रूपाने उपलब्ध आहे. त्यात एकट्या रायगडास ५०,००० होन आहेत. सिंहगड, सिंधुदुर्ग, विजयदुर्ग, सुवर्णदुर्ग, प्रतापगड, पुरंदर व राजगड ह्या सात किल्ल्यांस प्रत्येकी १०,००० होन आहेत. प्रचंडगड, विशाळगड, लोहगड, सुधागड इत्यादींस ५,००० ह्या दराने, व काही लहान गडांस तीन हजारांपासून एक हजारापर्यंत रक्कम दिलेली आहे. शेवटी किरकोळ म्हणून ७,००० होन राखून ठेवले आहेत.

ही यादी बारकाईने पाहिली असता तीन गोष्टी लक्षात येतात. पहिली ही की, यादीचा काळ अर्थपूर्ण आहे. १६६५ च्या पुरंदरच्या तहाने २३ किल्ले मोगलांकडे गेले होते. १६७० पासून ते परत घेण्याचा उद्योग सुरू झाला, आणि पुरंदर व सिंहगड हे त्या मालिकेतील प्रमुख किल्ले होत. किल्ला परत घेणे हा एका रात्रीचा पराक्रम असेल. परंतु तो राखणे हा वर्षानुवर्षांचा खर्च आहे, ही जाण ह्या यादीमागे दिसते. दुसरी गोष्ट, एकूण रकमेच्या दोन-सप्तमांश भाग ज्या रायगडास मिळाला तेथे पुढे १६७४ मध्ये राज्याभिषेक झाला. राजधानीची निवड समारंभापूर्वीच खर्चाच्या यादीत झालेली होती. तिसरी गोष्ट, सिंधुदुर्ग, विजयदुर्ग व सुवर्णदुर्ग ह्या तीन जलदुर्गांस मिळून ३०,००० होन, म्हणजे एकूण रकमेच्या एक-षष्ठांशाहून थोडे अधिक, दिलेले आहेत. १६६४ मध्ये मालवणच्या कुरटे बेटावर सिंधुदुर्गाचा पाया घातला गेला, तेव्हापासून समुद्राकडे वळलेली दृष्टी येथे आकड्यांत उतरली आहे.

याच काळातील दुसरी तजवीज ह्याहूनही बोलकी आहे. किल्ल्यांसाठी १,२५,००० होनांची राखीव रक्कम उभी करावयाची, व ती वेगवेगळ्या महालांवर बसवावयाची, असे ठरले. कुडाळ, राजापूर, दाभोळ व पुणे ह्यांच्याबरोबर कल्याण व भिवंडी हे खाडीच्या वरच्या अंगाचे महालही त्यात येतात. ही रक्कम नित्याच्या खर्चास लावावयाची नाही; मोगलांचा वेढा पडला व अन्य पैसा हाताशी नसला तरच ती उघडावयाची, असा तिचा हेतू होता. येथे चालू खर्च व राखीव निधी हा भेद स्पष्टपणे केलेला आहे. मराठीतील ‘बेगमी’ हा शब्द घरगुती वाटतो; पावसाळ्यापूर्वी धान्याची व सरपणाची बेगमी करणाऱ्या समाजाने राज्याच्या खजिन्यासही तीच रीत लावली, असे म्हणण्यास हरकत नाही.

३

मंजुरी देणारा व पैसा देणारा येथे एकच, म्हणजे राजा, होता. त्याच्या हुकुमास रोखणारी दुसरी संस्था नव्हती. तथापि हुकूम व खर्च यांच्यामध्ये लेखनाची पायरी होती. गडावर हवालदार, सबनीस व कारखानीस अशी अधिकाऱ्यांची विभागणी होती; जमाखर्च व सामग्री एकाच माणसाच्या हाती राहू नये, अशी ती योजना होती.

ह्या काळातील विचारांचा सर्वांत प्रगल्भ आविष्कार रामचंद्रपंत अमात्यांच्या १७१५ च्या सुमाराच्या ‘आज्ञापत्रा’त आढळतो. त्यातील दुर्गप्रकरण प्रसिद्ध आहे. परंतु प्रस्तुत प्रश्नाच्या दृष्टीने आरमारप्रकरणातील लाकडाविषयीची आज्ञा अधिक मोलाची आहे. आरमारासाठी सागवान लागेल ते हुजूरच्या परवानगीने तोडावे, कमी पडेल ते परमुलखातून विकत आणावे, असे अमात्य सांगतात. आंबा-फणसाचे लाकूडही उपयोगाचे असते, परंतु त्यास हात लावू नये. कारण रयतेने ही झाडे लेकरांप्रमाणे वाढविलेली असतात. एखादे झाड अगदीच जीर्ण झाले असेल तर धन्याची समजूत काढून, त्यास द्रव्य देऊन, त्याच्या संतोषाने ते न्यावे. बलात्कार करू नये.

ह्या आज्ञेत तीन अटी आहेत: वरिष्ठांची परवानगी, बाजारभावाने खरेदी, आणि मालकाची संमती. लष्करी कामासाठी खाजगी मालमत्ता घेण्याविषयीचा ह्याहून नेमका विचार पुढील कित्येक कायद्यांतही सापडत नाही. मात्र अशी आज्ञा लिहावी लागली, ह्याचाच अर्थ असा की व्यवहार पुष्कळदा उलट चालत असे.

त्या उलट व्यवहाराचे नाव ‘वेठ’ किंवा ‘वेठबिगार’. ‘वेठ’ हा शब्द संस्कृत ‘विष्टि’पासून आला, ‘बिगार’ हा फारसीतून आला. एकाच अर्थाचे, वेगवेगळ्या कुळांतील दोन शब्द जोडून रूढ झालेला हा समास आहे. प्राचीन राजवटी व मुसलमानी राजवटी ह्या दोहोंतून आलेला एकच अनुभव त्यात साठला आहे. पोर्तुगिजांच्या हिंदुस्थानातील भाषेतही ‘बिगारी’ हा शब्द शिरला, म्हणजे तिसऱ्या राजवटीनेही तो अनुभव चालू ठेवला. अठराव्या शतकातील मराठी राज्यातील वेठबिगारीचा अभ्यास हिरोशी फुकाझावा ह्या जपानी इतिहासकाराने केला आहे. किल्ल्यांची डागडुजी, सामानाची वाहतूक, गवत व सरपण पुरविणे ही कामे आसपासच्या गावांच्या माथी बसत, आणि एखाद्या गावास वेठीची माफी मिळणे ही मोठी सवलत समजली जाई.

येथे एक अडचण उभी राहते. १,७५,००० होनांची यादी काळजीपूर्वक केलेली आहे. परंतु कोणत्याही यादीत वेठीचे दिवस रकमेत मांडलेले नसतात. विकत घेतलेल्या वस्तूला किंमत असते, आणि हुकुमाने घेतलेल्या श्रमाला ती नसते. म्हणून कोणत्याही काळातील किल्ल्याच्या खर्चाचा आकडा वाचताना, त्यात न चढलेली रक्कम कोणती, हे विचारणे इतिहासकाराचे कर्तव्य ठरते.

४

खाडीकाठच्या पोर्तुगीज मुलखात मंजुरी व पैसा ह्यांची फारकत प्रथम स्पष्टपणे दिसते. वसईच्या उत्तर प्रांतातील गावे सरकारने ‘फोरो’ नावाच्या खंडावर पोर्तुगीज जमीनदारांस दिली होती. त्या बदल्यात त्यांनी घोडे व हत्यारे बाळगून मुलखाचे रक्षण करावे अशी अट असे. गोव्यासारख्या शहरांत तटबंदीसाठी मालावर शेकडा १ ह्या दराने वेगळी जकात घेतली जाई. म्हणजे आज्ञा गोव्याच्या विसरईची, वरचा अधिकार लिस्बनचा, आणि भार स्थानिक जमिनीवर व व्यापारावर. ही साखळी लांब होती, आणि तिची कसोटी १७३७ मध्ये लागली. मराठ्यांनी साष्टीवर स्वारी केली तेव्हा ठाण्याचा किल्ला अद्याप पुरा बांधून झालेला नव्हता. अपुरा किल्ला मराठ्यांच्या हाती पडला. त्याच दशकात बेलापूरही आले. आणि १७३९ च्या मे महिन्यात चिमाजी आप्पांच्या फौजेपुढे वसई शरण आली. कागदावर मंजूर झालेला, परंतु वेळेवर पुरा न झालेला तट शत्रूच्याच उपयोगी पडतो, हे ठाण्याने दाखविले.

वसई पडल्याचा परिणाम खाडीच्या पलीकडे, मुंबईत, लगेच झाला. कंपनीला तटबंदी करण्याचा अधिकार १६६१ च्या राजसनदेने मिळालेला होता व मुंबई बेट १६६८ मध्ये तिच्याकडे आले. अधिकार होता, परंतु लंडनचे संचालक हे व्यापारी असल्यामुळे तटबंदीवरील खर्चाविषयी ते सदैव कुरकुर करीत. गव्हर्नर चार्ल्स बून ह्याच्या कारकिर्दीत, १७१५ नंतर, शहराभोवतीचा तट उभा राहिला. वसईनंतर तटाबाहेर खंदक खणण्याचे ठरले तेव्हा शहरातील व्यापाऱ्यांनी ३०,००० रुपयांची वर्गणी दिली. ज्यांच्या वखारी तटाच्या आत होत्या त्यांनी स्वसंरक्षणासाठी दिलेले हे द्रव्य होय.

परंतु खंदकापलीकडील जमिनीचे काय झाले? तोफेच्या माऱ्यास आडोसा राहू नये म्हणून तटाबाहेरचे मैदान मोकळे ठेवले गेले. आजची आझाद मैदान, क्रॉस मैदान व ओव्हल ही मैदाने त्याच मोकळ्या पट्ट्याचे अवशेष होत. १८६० नंतरच्या दशकात बार्टल फ्रियरच्या कारकिर्दीत तट पाडला गेला. मैदान मात्र उरले. लष्करी बांधकामापेक्षा लष्करी निर्बंध अधिक दीर्घायुषी असतो, ह्याचे हे मुंबईतील ठळक उदाहरण आहे.

ज्या वर्षांत मुंबईचा तट निरुपयोगी ठरत होता, त्याच वर्षांत इंग्लंडमध्ये नवे किल्ले बांधण्याचा मोठा घाट घातला गेला. १८५९ च्या राजकीय आयोगाने फ्रान्सच्या भीतीने किनाऱ्यावरील किल्ल्यांची शिफारस केली. पंतप्रधान पामर्स्टन अनुकूल होते, अर्थमंत्री ग्लॅडस्टन कमालीचे प्रतिकूल होते. अखेर १८६० मध्ये पार्लमेंटने कायदा करून पहिल्या हप्त्यात २० लक्ष पौंडांचे कर्ज उभारण्यास मान्यता दिली. ते किल्ले पुरे होईतो तोफांचे तंत्र बदलले होते, आणि लोकांनी त्यांस पामर्स्टनचा मूर्खपणा म्हणून हिणविले. तथापि घटनेच्या दृष्टीने त्या वादाचे महत्त्व वेगळे आहे. गरज ठरविणारा, पैसा देणारा व हिशेब मागणारा हे तिघे तेथे उघडपणे एकमेकांसमोर उभे राहिले. हिंदुस्थानात त्याच सरकारच्या लष्करी कामांविषयी असा वाद करणारी लोकप्रतिनिधींची सभा नव्हती.

५

हिंदुस्थानात लष्करी बांधकामांचे यंत्र हळूहळू बसत गेले. १८५४ पर्यंत सार्वजनिक बांधकामेदेखील लष्करी मंडळाच्या अखत्यारीत होती. त्यानंतर बांधकाम खाते वेगळे झाले, आणि १९२३ मध्ये लष्करी अभियांत्रिकी सेवा हे स्वतंत्र खाते अस्तित्वात आले. जमिनीच्या बाजूने दोन कायदे निर्णायक ठरले. १८९४ च्या भूसंपादन कायद्याने ‘सार्वजनिक प्रयोजन’ ह्या शब्दाखाली जमीन घेण्याचा अधिकार सरकारास दिला. १९०३ च्या संरक्षणकामांविषयीच्या कायद्याने, जमीन ताब्यात न घेताही तिच्या वापरावर बंधने घालण्याचा अधिकार दिला. संरक्षणकामाच्या बाहेरील तटाच्या कडेपासून ५००, १,००० व २,००० यार्डांपर्यंत अशी कमाल मर्यादा असलेले तीन पट्टे त्यात सांगितले असून, आतल्या पट्ट्यात बंधने अधिक कडक होत जातात. ह्या बंधनांबद्दल जिल्हाधिकाऱ्याने चौकशी करून भरपाई द्यावी, अशी तरतूदही त्यात आहे. मुंबईच्या मैदानामागील तर्क येथे कायद्याच्या भाषेत आला. उरणच्या बाजूस करंजाच्या शस्त्रागाराभोवतालच्या सुरक्षापट्ट्यावरून तेथील रहिवाशांची जी दीर्घकाळची तक्रार आहे, तिचे मूळ ह्याच तर्कात आहे. जमीन त्यांच्या नावावर राहते. तिचा उपयोग मात्र त्यांच्या हाती पूर्णपणे राहत नाही.

१९५० च्या संविधानाने पैशाच्या बाजूने मोठा बदल केला. सातव्या अनुसूचीच्या संघसूचीत नौदल, भूदल व वायुदल यांची कामे ही स्वतंत्र नोंद आहे. म्हणून मंजुरीचा अधिकार निःसंशय केंद्राचा आहे. अनुच्छेद ११२ ते ११४ प्रमाणे खर्चाचे विवरण लोकसभेपुढे येते, अनुदानांच्या मागण्या मांडल्या जातात, व विनियोजनाचा कायदा झाल्याशिवाय संचित निधीतून पैसा काढता येत नाही. खात्याच्या आतही पायऱ्या आहेत. प्रथम गरजेची स्वीकृती, मग अंदाजपत्रकासह प्रशासकीय मान्यता, मग तांत्रिक मंजुरी, आणि त्यानंतर कंत्राट. शेवटी नियंत्रक व महालेखापरीक्षकाची तपासणी असते.

शब्दांचा विचार केल्यास हा फरक अधिक स्पष्ट होतो. ‘मंजूर’ ह्या अरबी शब्दाचा मूळ अर्थ ‘पाहिलेला’ असा आहे. धन्याने कृपादृष्टीने पाहिले की काम झाले, हा जुन्या दरबाराचा अनुभव त्यात आहे. ‘स्वीकृती’, ‘मान्यता’, ‘अनुदान’, ‘विनियोजन’ हे संस्कृत शब्द नव्या राज्यव्यवस्थेने घडविले किंवा नव्या अर्थाने वापरले. त्यांतील प्रत्येक शब्द एका वेगळ्या दाराचे नाव आहे, आणि प्रत्येक दाराशी वेगळा माणूस उभा आहे. एकाच्या दृष्टीवर अवलंबून असलेला निर्णय अनेकांच्या सहीवर आला, ही प्रगती निश्चित आहे.

परंतु जमीन ह्या दारांतून जात नाही. तिचे संपादन राज्याच्या महसूल यंत्रणेमार्फत, जिल्हाधिकाऱ्याच्या कचेरीत चालते, आणि त्याचा काळ तळाच्या बांधकामाच्या काळाशी जुळतोच असे नाही. कारवारचे उदाहरण येथे लक्षात घेण्यासारखे आहे. १९५६ पर्यंत मुंबई राज्यात असलेल्या ह्या कोंकणी-मराठी वहिवाटीच्या किनाऱ्यावर नाविक तळ उभारण्याची ‘सीबर्ड’ योजना आखली गेली. २४ ऑक्टोबर १९८६ रोजी पंतप्रधान राजीव गांधी यांनी तिची कोनशिला बसविली. १९९१ च्या आर्थिक अडचणीने काम रेंगाळले; १९९५ मध्ये आटोपशीर पहिल्या टप्प्यास मान्यता मिळाली; आणि ३१ मे २००५ रोजी ‘कदंब’ ह्या नावाने तळ कार्यान्वित झाला. कोनशिला ते कार्यारंभ ह्यांत जवळजवळ १९ वर्षे गेली. पैशाची वाट तळाने पाहिली, तशी गावांनीही पाहिली. परंतु दोहोंच्या वाट पाहण्यात अंतर आहे. थांबलेल्या तळाचा खर्च पुढील अंदाजपत्रकात वाढवून घेता येतो. संपादनाच्या छायेत असलेल्या शेताची थांबलेली वर्षे कोणत्याही अंदाजपत्रकात येत नाहीत. विस्थापित कुटुंबांची संख्या हजारांत होती, आणि वाढीव मोबदल्याचे दावे तळ सुरू झाल्यानंतरही दीर्घकाळ चालू राहिले.

६

ह्या दृष्टीने शिरवणे व त्याच्या शेजारची गावे ह्यांचा अनुभव तुलनेस घेणे उपयुक्त आहे. येथील जमिनी लष्करासाठी नव्हे, तर औद्योगिक क्षेत्रासाठी व १९७० नंतर नव्या शहरासाठी गेल्या. नव्या शहराच्या योजनेत ठाणे, पनवेल व उरण तालुक्यांतील ९५ गावे आली, आणि ‘सार्वजनिक प्रयोजन’ हा शब्द येथेही तोच होता. १९८४ च्या जानेवारीत उरण तालुक्यातील जासई परिसरात दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखालील आंदोलनात पाच शेतकरी गोळीबारात मृत्युमुखी पडले. पुढे, १९९० च्या सुमारास, संपादित जमिनीच्या प्रमाणात साडेबारा टक्के विकसित जमीन मूळ धारकांस परत देण्याचे तत्त्व मान्य झाले. ह्या पट्ट्यातील बोलीत ‘साडेबारा टक्के’ हा आता नुसता आकडा राहिलेला नाही. ते एका हक्काचे नाव झाले आहे. खात्यात न चढलेली रक्कम शेवटी खात्यात चढली की भाषाही तिची नोंद घेते.

नागरी योजनेत हे शक्य झाले, कारण शहराच्या जमिनीतून काही भाग परत देता येतो. लष्करी तळाच्या बाबतीत ते शक्य नसते. तळाच्या कुंपणाआत मूळ गावकऱ्यास भूखंड मिळू शकत नाही, आणि कुंपणाबाहेरच्या पट्ट्यावर निर्बंध येतात. म्हणूनच लष्करी कामात देणे आरंभीच पूर्ण मोजले जाणे अधिक आवश्यक आहे. प्रचलित कायद्याचा कल मात्र उलट दिसतो. २०१३ च्या भूसंपादन कायद्यातील कलम ४० प्रमाणे संरक्षणासारख्या तातडीच्या कामी जमीन लवकर ताब्यात घेता येते, आणि अशा वेळी मोबदल्याच्या ७५ टक्के इतकी जादा भरपाई देण्याचे तत्त्व आहे. परंतु देशाचे सार्वभौमत्व, सुरक्षा किंवा सामरिक हित यांशी संबंधित प्रकल्पांस ही जादा भरपाई लागू नाही, असे परंतुक त्यास जोडलेले आहे. जेथे घाई सर्वांत मोठी, तेथे घाईचे मूल्य देण्यातून सूट, असा ह्याचा अर्थ होतो.

चार राजवटींच्या ह्या आढाव्यावरून एक निष्कर्ष काढता येतो. मंजुरीची व पैशाची व्यवस्था काळानुसार सुधारत गेली. एका धन्याच्या दृष्टीपासून ती लोकसभेच्या मतापर्यंत आली. परंतु प्रत्येक काळात एक बाब हिशेबाबाहेर राहिली. ती पूर्वी वेठीचा दिवस होती, नंतर तटाबाहेरचे मैदान झाली, आणि आता ती थांबलेल्या शेताची वर्षे आहे. तट किती मजबूत आहे हे त्याच्या दगडांवरून कळते. तो किती न्यायाने उभा राहिला हे कळण्यासाठी यादीतील रकमांबरोबर तिच्यातील रिकाम्या ओळीही वाचाव्या लागतात. अमात्यांनी आंब्याच्या एका झाडासाठी जी अट घातली, ती जमिनीस लावण्याचे काम अद्याप पुरे झालेले नाही.